जोडचंद्राची संध्याकाळ

सातारा,
१२ जानेवारी २०२६

श्रद्धा,

सलाम आणि नमस्कार दोन्ही पाठवते आहे, पचेल तो ठेवून घे. अक्षर ओळखलं असशीलच. ओळखूनही पाकीट चुलीत घातलं नसशील तर पुढं वाच.

पत्ता तुझ्या आईनं दिला. अम्मी एका लग्नाला विट्याला गेली होती, तिथं काकू भेटल्या. दोघी म्हणे दोन तास बोलल्या, तुझा-माझा विषय सोडून जगातल्या सगळ्या विषयांवर. काकू तुझा फोन नंबरही देत होत्या, पण तो मीच नको म्हणून कळवलं. नऊ वर्षांपूर्वी तू मला ब्लॉक केलंस, परत ब्लॉक व्हायची हौस नाही. पत्राला तसं काही करता येत नाही. फार तर पोस्टमनवर कुत्रं सोडता येतं.

तर कामाचं. मी रवाळवर पुस्तक लिहिलंय. हो, आपल्या रवाळवर. विट्याच्या पाण्याच्या टाकीखाली बसून आपण दोघींनी उभं केलेलं ते राज्य, दोन चंद्रांचं, सोमवार नसलेलं. मी इथं एमआयडीसीतल्या एका कारखान्यात शिफ्टची वेळापत्रकं बनवते. दीडशे माणसांतलं कोण कधी येणार, कधी जाणार, ते मी ठरवते. दिवसभर लोकांचे दिवस मांडायचे आणि घरी येऊन रवाळचे, असं दोन वर्षं चाललं होतं. पुण्याच्या एका प्रकाशनाला ते पाठवलं. तिथल्या संपादक राजेश्वरीबाई म्हणाल्या, गोष्ट आवडली, पण तुमचं कॅलेंडर लंगडतंय. एक सण एकाच वर्षात दोनदा येतो आणि एक महिना मध्येच गायब होतो. मुलं बोटांवर मोजतात, म्हणाल्या, आणि चूक सापडली की पुस्तकावर विश्वास ठेवत नाहीत.

दहा एप्रिलपर्यंत सगळं जुळवून दिलं नाही तर पुस्तक यंदाच्या यादीतून बाद. आणि मला आठवेल तेवढं आठवून झालंय. बाकीचं वहीत आहे. तुझ्या अप्पांच्या मदुराईच्या दुकानातली ती जाड वही, तमिळ अक्षरं छापलेली, तुझ्याकडेच असणार.

वही पाठवशील का? नाव दोघींचं टाकेन, हे वेगळं सांगायला नको.

अल्फिया

---

सांगली,
२० जानेवारी २०२६

अल्फिया,

पत्र पोचलं. माझ्याकडे कुत्रं नाही, पोस्टमन सुखरूप आहे.

वही आहे. अप्पा गेल्यावर मदुराईचं गलाईचं दुकान आवरलं, तेव्हा सोनं गाळायच्या मुशी, चिमटे, तराजू सगळं काकांनी घेतलं आणि मी ही वही घेतली. आता मी इथं सांगलीत शाळेत भूगोल शिकवते. वही कपाटात वरच्या फळीवर आहे आणि तिथंच राहील. काय विचारायचं ते विचार, मी बघून सांगेन.

पहिली गोष्ट, तुझे महिने गायब होतात कारण तू आठवडा सात दिवसांचा धरत असशील. आपला आठवडा सहाचा. सोमवार मी रद्द केला होता आणि तू त्या बदल्यात शाळेच्या परीक्षाही रद्द करायला लावल्या होत्या. पाच आठवड्यांचा महिना, दहा महिन्यांचं वर्ष, म्हणजे तीनशे दिवस. थोरला चंद्र तीस दिवसांनी भरतो, धाकटी एकोणतीस दिवसांनी. हे एकोणतीस कुठून आले आठवतं का? सहावीत ल.सा.वि. शिकवला त्याच आठवड्यात आपण धाकटीचा एक दिवस कापला. दोन्ही चंद्र एकाच दिवशी भरतात तो जोडचंद्र आठशेसत्तर दिवसांनी यावा म्हणून. त्याआधी तो दर महिन्याला यायचा आणि त्याची किंमत राहिली नव्हती.

दुसरी गोष्ट, अकरावा नियम तुझ्या लक्षात नसेलच. कट्टीचे दिवस रवाळात धरायचे नाहीत. सातवीत आपण बारा दिवस बोललो नव्हतो आणि त्यात तुझा सण निघून गेला, म्हणून तू टाकीखाली बसून गळा काढला होतास. तेव्हा हा नियम केला. कट्टी जिथं लागली तिथंच रवाळ थांबतो, बट्टी झाली की पुढं चालू.

प्रकरणं पाठव. माझ्या राज्यात तू काय करून ठेवलंयस ते बघायचं आहे.

श्रद्धा

---

सातारा,
२७ जानेवारी २०२६

श्रद्धे,

तुझं पत्र म्हणजे तपासलेला पेपर. तरी वाचून बरं वाटलं, खोटं कशाला बोलू. 'माझ्या राज्यात' म्हणालीस तिथं मी मोठ्यानं हसले. माझे घरमालक विष्णुपंत, लष्करातून सुभेदार म्हणून निवृत्त झालेले, खालून ओरडले, "काय झालं गं?" म्हटलं, जुन्या राणीनं सिंहासन मागितलंय.

सणाचं मला पक्कं आठवतंय, कारण त्यावरून आपली खरी भांडणं व्हायची. माझी ईद दरवर्षी दहा-अकरा दिवस अलीकडे सरकायची. कधी थंडीत, कधी उन्हाळ्यात, कधी चिखलात. तुला ते बघवायचं नाही. "असा कसा सण, घरात ठरत नाही तो!" आणि तुझी दिवाळी सरकायला लागली की अधिक महिना घालून तिला ओढून परत जागेवर आणायचे, ते मला पटायचं नाही. चाललीये ती चालू द्या की! मग ठरलं, थोरल्या चंद्राचा सण जागेवर बसणार, धाकटीचा सण वर्षभर हिंडणार आणि जोडचंद्राला दोघी एका ताटात जेवणार. एवढी चांगली तडजोड मी पुढं कुठल्याच कारखान्यात पाहिली नाही.

सोबत पाच ते आठ प्रकरणं आणि पाव किलो कंदी पेढे. आधी प्रकरणं वाच. नाही, आधी पेढे खा. आठवं प्रकरण वाचताना तोंड गोड असलेलं बरं.

अल्फिया

---

सांगली,
५ फेब्रुवारी २०२६

अल्फिया,

पेढे स्टाफरूममध्ये वाटले. आठवं प्रकरण मात्र कुणाला दाखवलं नाही, मलाच लाज वाटली.

धाकटी राणी जोडचंद्राच्या दिवशी बुरुजाखाली बसते. दिवे लागतात, वारा सुटतो, थोरली राणी येत नाही. धाकटी तिथंच शपथ घेते की आता थोरलीचं नाव राज्यात काढायचं नाही. वा! आणि वाचणारी पोरं धाकटीसाठी रडणार, असंच ना?

अल्फिया, त्या संध्याकाळी टाकीखाली, आपल्या त्या बुरुजाखाली, मी बसले होते. वहीत तुझ्याच अक्षरात लिहिलंय: जोडचंद्र, धूळमास ३०, दिवे लागल्यावर, बुरुजाखाली. तूच म्हणाली होतीस की या वेळी एकमेकींना हाक मारायची नाही, फोन करायचा नाही, दोन राण्यांसारखं दोन वाटांनी यायचं. मी मायणीला मामाकडे होते, तिथून थेट आले. दुसऱ्या दिवशी पहाटे आम्ही कायमचे मदुराईला निघणार होतो. अप्पांचं आजारपण तोवर कुणालाच सांगितलं नव्हतं, ते मी पहिल्यांदा तुला सांगणार होते. अप्पांनी आपल्यासाठी चांदी ओतून दोन नाणी केली होती. एका बाजूला मोठा चंद्र, दुसऱ्या बाजूला लहान. त्यातलं तुझं माझ्या मुठीत होतं.

साडेनऊला नियम मोडून तुला फोन लावला. बंद. सहा वेळा लावला, सहाही वेळा बंद. त्यानंतर ब्लॉक केलं, आणि बरोबर केलं.

आता एकच विचारते. का आली नाहीस? याचं खरं उत्तर दिलंस तर वही पाठवते. ते नसेल तर पुस्तक तुझ्या आठवणीतून छाप, आठवण तुझी चांगलीच तेज आहे असं दिसतंय.

श्रद्धा

---

सातारा,
११ फेब्रुवारी २०२६

श्रद्धा,

मी आले नाही? मी?

तुझं पत्र हातात घेऊन मी जेवणाच्या सुट्टीभर कारखान्याच्या गेटवर उभी होते. वॉचमननं दोनदा विचारलं, घरी सगळं ठीक आहे ना. आठव्या प्रकरणात एक अक्षर खोटं नाही. फरक एवढाच की राणीच्या हातात तलवार दिली आणि माझ्या हातात अम्मीचा डबा होता. गुलगुल्यांचा. तुला आवडतात म्हणून दुपारी भर उन्हात अम्मीला स्टोव्हपुढं बसवलं होतं. दिवे लागायच्या आधीपासून मी त्या पायरीवर बसले होते. प्रत्येक सायकल तुझी वाटायची. साडेनऊला उठले, डबासुद्धा घरी न्यावासा वाटला नाही. घरी जाऊन फोन बंद केला आणि सकाळच्या पहिल्या एसटीनं साताऱ्याला आले, कॉलेजच्या होस्टेलवर. आठवडाभर फोन चालूच केला नाही. म्हणून तुझे सहा फोन बंद लागले. ते तू केलेस हेच मला आज कळतंय.

तू मदुराईला गेलीस हे मला महिन्यानं अम्मीकडून कळलं. अप्पा गेल्याचं तर तीन वर्षांनी. तेव्हा मी तुला पत्र लिहायला बसले होते, श्रद्धा. मग म्हटलं, जी मला भेटायला पायरीपर्यंत आली नाही तिच्या दुःखात मी कोण? ते पत्र अजून आहे. अर्धंच.

त्यामुळं तू तिथं बसली होतीस असं मला सांगू नकोस. एका पायरीवर दोघी बसलो असतो तर एकमेकींच्या मांडीवर बसलो असतो.

वही राहू दे.

अल्फिया

ता. क. भांडण आपलं आहे, राजेश्वरीबाईंचं नाही, म्हणून त्यांचा निरोप कळवते. त्यांचा शेवटचा प्रश्न असा की रवाळात दिवस सुरू कधी होतो? पाचव्या प्रकरणात दिवे लागले की तारीख बदलते, सहाव्यात कोंबडा आरवला की. पाचवं माझ्या आठवणीतलं आहे, सहावं तू नववीत लिहिलेल्या गोष्टीवरून. मी त्यांना म्हणणार होते की यात विचारण्यासारखं काय आहे, मगरिबला, दिवे लागताना. आमच्या दादीची जुमेरात, म्हणजे जुम्म्याची, शुक्रवारची रात्र, गुरुवारी संध्याकाळीच लागायची. पण वहीत काही वेगळं असेल तर सांग. नाही सांगितलंस तरी चालेल.

---

(पोस्टकार्ड)

सातारा, ९ मार्च २०२६

श्रद्धास, पत्र मिळालं की नाही तेवढं कळव. मी स्वतः हे कार्ड लिहिणार नव्हते. विष्णुपंतांनी सांगितलं की रिपोर्ट आला नाही की दुसरा जवान पाठवायचा असतो. हे कार्ड आता ते, त्यांची मंडळी आणि दोन्ही गावांचं पोस्ट वाचणार, म्हणून जास्त लिहीत नाही. दहा एप्रिल जवळ येतोय. राग असला तर रागाचं उत्तर चालेल. अ. तांबोळी

---

सांगली,
२३ मार्च २०२६

अल्फे,

हे पत्र नीट बसून वाच. शक्यतो कारखान्यात वाचू नकोस.

आधी कबुली. तुझ्या फेब्रुवारीच्या पत्राचं मी पहिलंच पान वाचलं होतं. 'सांगू नकोस' पर्यंत आले, पाकिटात कोंबलं आणि दहावीच्या पेपरांच्या गठ्ठ्याखाली सारलं. महिनाभर मुलांवर चिडत होते. दोन मुलींना नकाशात कृष्णा उलटी वाहवली म्हणून वर्गाबाहेर उभं केलं, ज्यांनी ती बरोबर वाहवली होती. मग तुझं कार्ड आलं. पोस्टमननं हसत हसत दिलं, त्यानं वाचलंच होतं. म्हटलं, चला, मागचं पान तरी बघू. आणि ता. क. वाचला.

मी वहीत शोधलं. पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत. अल्फे, सहावी ते बारावी, सात वर्षं आपण त्या राज्याचे एकशेतीन नियम केले. राजाच्या घोड्याला शिंकायची परवानगी कधी, हेसुद्धा ठरवलं. दिवस कधी सुरू होतो हे कुठंच लिहिलेलं नाही. लिहिणार कशाला? तुझ्या घरात तो मगरिबला सुरू व्हायचा, माझ्या घरात आई सडा घालायची तेव्हा. आणि आपण नेहमी एकमेकींना हाक मारून निघायचो, त्यामुळं फरक कळायची वेळच आली नाही. फक्त त्या एका जोडचंद्राला आपण हाक मारली नाही.

धूळमास ३० म्हणजे रविवार. माझा रविवार सकाळी उजाडला आणि त्याचे दिवे रविवारी संध्याकाळी लागले. तुझ्या रविवारचे दिवे कधी लागले, अल्फे?

मी भूगोलाची बाई आहे. दिवस कुठं आणि कधी सुरू होतो, हे मी दरवर्षी वर्गात फळ्यावर काढते.

तरी नुसत्या हिशोबावर विश्वास बसेना. पाडव्याला आईला घेऊन विट्याला गेले आणि गुढी उभी करून थेट टाकीवर गेले. पाणी सोडणारे नाथाजी आठवतात? आता निवृत्त झालेत, तरी सवयीनं तिथंच बसतात. मला बघून म्हणाले, "आवं, तुमी गलाईवाल्याच्या श्रद्धाताई न्हवं? डबा न्यायला आलाय व्हय?"

मी मुद्दामच म्हटलं, कुठला डबा?

"त्यो तांबोळ्याच्या पोरीचा. तुमच्या आदल्या सांजच्याला आलती की ती. ह्याच पायरीवर लय येळ बसली. मग डबा माज्या हातात दिला, म्हनली, काका, तुमीच खावा, हितं कुनी येनार न्हाई. गुलगुलं हुतं. घरात सगळ्यास्नी वाटलं. आनि दुसऱ्या दिशी तुमी आलासा, रडत बसलासा. मला वाटलं, दोगींचं भांडान असंल, आपन मदी कशाला पडा?"

मी त्यांना म्हटलं, नाथाजीकाका, तेव्हा एक शब्द बोलला असता तर!

"तुमी इचारलं न्हाई, ताई. आनि तवा तुमी अशा रडत हुता, मला वाटलं, डब्याचं सांगितलं तर आनि रडशीला."

ते घरात जाऊन डबा घेऊन आले. घासून लखलखीत ठेवलाय. झाकणावर कोरलंय, तरन्नुम तांबोळी, १२-५-९६. तुझ्या अम्मीच्या लग्नातला. मी तो डबा मांडीवर घेऊन त्या पायरीवर बसले आणि मला एकदम तुझा खूप राग आला, मग स्वतःचा, मग त्या बिचाऱ्या नाथाजींचा, आणि मग कुणाचाच येईना. त्याचीच सवय नाही मला. नऊ वर्षं मी तुझ्यावर रागावून काढली. आता सकाळी उठून काय करायचं, कळत नाही.

तू आली होतीस. तुझ्या पत्रावर मी विश्वास ठेवला नाही, एका डब्यावर ठेवला. त्याबद्दल माफ कर.

आणि ते अर्धं पत्र पाठव. अप्पांना आवडलं असतं. शेवटी शेवटी ते विचारायचे, "तुजी ती धाकटी राणी हाय कुटं?" मी सांगायचे, पुण्याला शिकते; बारावीनंतर तू तेच ठरवलं होतंस. तू साताऱ्याला आहेस हेही मला ठाऊक नव्हतं.

वही पाठवत नाही. पोस्टावर माझा भरवसा आहे, पण एवढाही नाही. स्वतः येऊन घेऊन जा. आणि अकरावा नियम बघ. कट्टीचे दिवस धरायचे नाहीत. त्या हिशोबानं रवाळात आज कुठली तारीख आहे, ते तूच मोज.

श्रद्धा

---

सातारा,
२७ मार्च २०२६

श्रद्धे,

कारखान्यातच वाचलं. एप्रिलच्या वेळापत्रकावर रडले. रात्रपाळीचे सात जण पुसले गेले, त्यांना आता सुट्टी आहे असं समजलं जातंय.

शनिवारी. माझा रविवार शनिवारी लागला, श्रद्धे. दादी असती तर म्हणाली असती, यात इतकं रडण्यासारखं काय, रात्र आधीच येते. अम्मीला फोन करून सांगितलं. ती म्हणाली, "म्हंजे डबा सापडला?" तिच्यासाठी तीच खरी बातमी. त्या डब्यावरून मी नऊ वर्षं बोलणी खाल्ली आहेत.

तुझ्यावर मी किती रागावले होते ते आठव्या प्रकरणात आहेच. तुझी किती आठवण यायची ते लिहिलं नव्हतं. ते आता लिहिते. फार यायची. ईदला यायची, परीक्षेला यायची, सोमवारी तर हटकून यायची. कुणाशी ओळख झाली की मी बघायचे, हिला रवाळ सांगता येईल का. नाही सांगता आलं कुणाला. म्हणून तर पुस्तक लिहिलं.

तारीख मोजली. धूळमास ३०.

तेव्हा जोडचंद्र अजून व्हायचाय. या वेळी मी सरकारी तारीख लिहिते, घड्याळाची वेळ लिहिते आणि विष्णुपंतांकडून तपासून घेते: शनिवार, ४ एप्रिल २०२६, संध्याकाळी सात, पाण्याच्या टाकीची तिसरी पायरी. शनिवारी आली नाहीस तर मी रविवारीही बसेन. सोमवारी बसणार नाही, सोमवार नसतोच.

सोबत अर्धं पत्र. पूर्ण करायला घेतलं होतं, मग तसंच ठेवलं.

तुझी
अल्फिया

---

विटा,
धूळमास ३०
(तुमच्याकडे ४ एप्रिल २०२६)

राजेश्वरीबाईंना दोघींचा नमस्कार आणि सलाम.

रवाळचं कॅलेंडर जुळवून सोबत पाठवत आहोत. महिने दहा, आठवडा सहा दिवसांचा, चंद्र दोन. सण दोनदा येतो ती चूक अल्फियाची होती, सहाव्या प्रकरणातल्या कोंबड्याची जबाबदारी श्रद्धाची. आठवं प्रकरण आम्ही बदललेलं नाही. फक्त त्याच्यापुढं नववं घातलंय. त्यात दुसऱ्या दिवशी त्याच पायरीवर थोरली राणी येऊन बसते, हातात चांदीचं नाणं घेऊन. ते श्रद्धानं लिहिलंय आणि ते जास्त चांगलं झालंय, हे अल्फियाला मान्य करावं लागतंय. लेखिका म्हणून नावं दोन टाकावीत. आधी कोणाचं, यावर सध्या वाद चालू आहे, मे महिन्यापर्यंत मिटेल.

हे पत्र आम्ही पाण्याच्या टाकीखाली बसून लिहितो आहोत. अक्षर मध्येच बदलतं ते त्यामुळं. डाग दिसतील ते गुलगुल्यांचे. त्यातले अर्धे नाथाजीकाकांनी खाल्ले. त्यांचं म्हणणं आहे की डबा नऊ वर्षं सांभाळल्याचं एवढं तरी मिळायला हवं.

तुमचा शेवटचा प्रश्न राहिला: रवाळात दिवस सुरू कधी होतो? हा नियम आमच्या वहीत नव्हता. आज केला, एकशेचौथा.

अल्फिया साडेसहापासून पायरीवर होती. श्रद्धाची एसटी तासगावला रखडली. मगरिबची अजान झाली, रस्त्यावरचे दिवे लागले, समोरच्या घरात तुळशीपुढं निरांजन लागलं, सात वाजले. अल्फियाच्या हिशोबानं तारीख बदलायला हवी होती. तिनं ती बदलली नाही. साडेसात वाजता स्टँडकडून श्रद्धा पळत आली, चप्पल हातात, वही काखेत, मुठीत नाणं. तोवर ३० धूळमास थांबूनच होता. आता नाणं दिलंय, गुलगुले खाल्लेत, आणि आमच्या हिशोबानं नवा दिवस लागला आहे.

तेव्हा पाचव्या आणि सहाव्या, दोन्ही प्रकरणांत अशी दुरुस्ती करावी: रवाळात दिवे लागले म्हणून दिवस सुरू होत नाही आणि कोंबडा आरवला म्हणूनही नाही. दोघी आल्या की होतो.

आपल्या,
श्रद्धा आणि अल्फिया
(अल्फिया आणि श्रद्धा)